थिओडल्फची लॅटिन कविता: तुरुंगाच्या आख्यायिकेपलीकडे काय आहे?

प्रश्न : वसईचा_वाचक

झावळ्यांच्या रविवारच्या (ईस्टरच्या आधीच्या रविवारच्या) मिरवणुकीत पूर्वी म्हटले जाणारे ‘ग्लोरिया, लाउस एत ओनोर’ हे लॅटिन गीत आमच्या घरातील वडीलधाऱ्यांना अजूनही पाठ आहे. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर उपासना मराठीत आली, तरी त्या चालीवरचे त्यांचे प्रेम कमी झालेले नाही. हे गीत फ्रान्समधील ऑर्लेआँचे बिशप थिओडल्फ यांनी नवव्या शतकात रचले, एवढे मला ठाऊक आहे. त्याबरोबर एक कथाही सांगितली जाते : थिओडल्फ आंजे येथे कैदेत असताना सम्राट लुई मिरवणुकीसह तुरुंगाखालून चालला होता, त्या वेळी त्यांनी खिडकीतून हे गीत म्हटले आणि ते ऐकून सम्राटाने त्यांची तत्काळ सुटका केली. ही कथा कितपत खरी आहे, त्यांना कैद का झाली आणि या एका गीताखेरीज त्यांनी लिहिलेले काही आज मुद्दाम वाचण्याजोगे आहे का, हे जाणकारांनी सविस्तर सांगावे.

उत्तर : जुनी_पाने

कथा सुंदर आहे, परंतु तिला समकालीन आधार नाही. ती बऱ्याच नंतरच्या काळात सांगितली जाऊ लागली. लुई ८१८ मध्ये ब्रिटनीच्या मोहिमेच्या वेळी आंजेला आला होता आणि त्याची राणी एर्मेंगार्ड त्याच वर्षी तेथे वारली. मात्र कथेत सांगितलेल्या ८२१ च्या झावळ्यांच्या रविवारी तो त्या शहरात असल्याचा पुरावा मिळत नाही. गीत आंजेचे आहे, हे मात्र मानायला हरकत नाही. मूळ रचना ३९ द्विपदींची असून उपासनेत तिच्यातील सुरुवातीच्या थोड्याच म्हटल्या जात. पुढच्या द्विपदींत त्या शहरातील चर्चे आणि तेथून मिरवणुकीत सामील होणारे लोक यांचा उल्लेख येतो. जी कडवी गायनातून गळली, त्यांतच कवीच्या मुक्कामाची खूण राहिली आहे. त्यांतील एका द्विपदीत ख्रिस्ताला विनंती आहे की, तू स्वार हो, आम्ही तुझे गाढवाचे शिंगरू होऊ, म्हणजे तुझ्याबरोबर आम्हालाही देवाच्या नगरीत प्रवेश मिळेल. ही द्विपदी मात्र सतराव्या शतकापर्यंत म्हटली जात असे.

आता कैदेविषयी. थिओडल्फ फ्रँक नव्हता. तो स्पेनवर पूर्वी राज्य केलेल्या व्हिसिगोथ वंशाचा होता आणि आठव्या शतकाच्या उत्तरार्धात फ्रँकांचा राजा शार्लमेन याच्या आश्रयाला आला. सुमारे ७९८ पासून तो ऑर्लेआँचा बिशप आणि लुआर नदीकाठच्या फ्लरी मठाचा प्रमुख होता. ८११ मध्ये शार्लमेनने आपल्या संपत्तीची वाटणी ठरवली, त्या वेळच्या साक्षीदार बिशपांत त्याचे नाव आहे. शार्लमेन ८१४ मध्ये वारला आणि मुलगा लुई गादीवर आला. ८१७ मध्ये लुईचा पुतण्या, इटलीचा राजा बर्नार्ड, याने बंड केले, आणि त्या कटात थिओडल्फचाही हात असल्याचा आरोप झाला. बर्नार्डचे डोळे काढण्यात आले व त्या जखमांनीच तो मेला. थिओडल्फला पदावरून दूर करून आंजे येथे बंदिवासात ठेवले. ८२१ मध्ये लुईने बंडखोरांना माफी दिली, परंतु थिओडल्फ त्याच सुमारास वारला. ऑर्लेआँचे बिशपपद तोपर्यंत योनासकडे गेलेले होते. सुटकेचा गोड शेवट असा इतिहासात सापडत नाही.

उत्तर : न्यायपीठ

मूळ प्रश्नाच्या शेवटच्या भागावर मी थोडे अधिक लिहितो, कारण माझ्या मते थिओडल्फची खरी थोरवी तेथे आहे. ७९८ मध्ये शार्लमेनने त्याला आणि पुढे लिऑनचा आर्चबिशप झालेल्या लाइड्राडला राजदूत-न्यायाधीश म्हणून दक्षिण गॉलमध्ये (आजच्या दक्षिण फ्रान्समध्ये) पाठवले. नार्बोन, आर्ल, मार्सेय अशा शहरांतून त्यांनी लोकांचे खटले ऐकले. नार्बोनमध्ये उरलेले व्हिसिगोथ लोक आपल्याला रक्ताचा नातेवाईक समजून आनंदित झाले, असे त्याने स्वतःच नोंदवले आहे. या प्रवासावर आधारलेली ९५६ ओळींची कविता ‘न्यायाधीशांना’ उद्देशून आहे, आणि लाच या विषयावर इतक्या बारकाईने लिहिलेले दुसरे काव्य त्या काळात मला आढळलेले नाही.

लोक काय काय देऊ करत, याची त्यात वर्णने आहेत. कुणी रत्ने पुढे करतो, कुणी अरबी अक्षरांची सोन्याची नाणी, कुणी कॉर्डोव्हाचे पांढरे आणि तांबडे कमावलेले चामडे. एक जण गुपचूप सांगतो की, माझ्याकडे एक प्राचीन चांदीचे भांडे आहे. त्यावर हर्क्युलिसचे पराक्रम कोरलेले आहेत आणि वापराने काही आकृती झिजल्या आहेत. थिओडल्फ त्या कोरीवकामाचे रसिकतेने, प्रसंगामागून प्रसंग असे वर्णन करतो. मग त्या माणसाची मागणी समोर येते. त्याच्या आईवडिलांनी अनेक गुलामांना लेखी मुक्त केले आहे आणि ते दस्तऐवज त्याला निकामी करून हवे आहेत. सुंदर वस्तूकडे मन भरून पाहणारा आणि त्याच क्षणी तिची किंमत कोणाला मोजावी लागणार आहे हे ओळखणारा कवी मला या एका प्रसंगात दिसतो.

गरीब लोकही रिकाम्या हाताने येत नाहीत. न्याय मिळवायचा तर काहीतरी द्यावेच लागते, हे त्यांच्या अंगवळणी पडलेले आहे. या प्रथेला तो भिंत फोडणाऱ्या लढाऊ ओंडक्याची उपमा देतो. मात्र अंडी, फळे, पाव, कोंबड्या असे जे प्रेमाने दिले जाते, ते तो सौजन्य म्हणून स्वीकारतो. पुढचा उपदेश अत्यंत व्यवहारी आहे : न्यायाधीशाने लवकर यावे, पिऊन येऊ नये, द्वारपाल पैसे घेऊन माणसे आत सोडतो का यावर लक्ष ठेवावे, विधवा आणि अनाथांची गाऱ्हाणी आधी ऐकावीत. घरात बायको लाडीगोडीने कुणाची तरी शिफारस करते आणि दाया-दासी तिच्या बाजूने बोलू लागतात, हेही त्याने टिपले आहे. दुसऱ्या एका छोट्या कवितेत तो मोशेच्या नियमशास्त्राशी आपल्या काळच्या कायद्याची तुलना करतो. तेथे चोरीला भरपाई आणि खुनाला देहदंड होता. येथे चोराचे डोळे नाही तर प्राण जातात आणि खुनी पैसे भरून सुटतो, याचा त्याला मनापासून संताप आहे.

प्रतिसाद : वसईचा_वाचक

दोन्ही उत्तरांबद्दल आभारी आहे. एक शंका उरते. ही वर्णने त्यांनी स्वतःच लिहिलेली आहेत. मग आपण निःस्पृह होतो हे जगाला सांगण्यासाठीच ती कविता लिहिली नसेल कशावरून? त्यांच्याविरुद्धची बाजू कोणी मांडली आहे का?

उत्तर : लॅटिनचा_विद्यार्थी

शंका रास्त आहे. थिओडल्फ सौम्य स्वभावाचा नव्हता. दरबारासाठी लिहिलेल्या काव्यपत्रात त्याने अल्क्विन, आइनहार्ड वगैरे दरबारी विद्वानांची हसतखेळत चित्रे काढली आहेत, पण तेथील एका आयरिश विद्वानाबद्दल तो इतके कडवट लिहितो की ते वाचताना आजही अस्वस्थ व्हायला होते. ८०१-८०२ च्या सुमारास त्याने शिक्षा दिलेला एक धर्मसेवक पळून तूर येथील संत मार्टिनच्या चर्चमध्ये आश्रयाला गेला. थिओडल्फची माणसे त्याला धरायला आली तेव्हा दंगा उसळला. तेथील मठाधिपती अल्क्विनने आश्रयाच्या हक्काची बाजू घेतली, परंतु शार्लमेनने थिओडल्फचा पक्ष उचलून धरला. म्हणजे शिक्षेतील क्रौर्याचा निषेध करणारा हा कवी स्वतःच्या अधिकाराबाबत मात्र चांगलाच आग्रही होता.

तरीही ती कविता केवळ आत्मस्तुती आहे, असे मला वाटत नाही. त्याच्या धर्मप्रांतातील धर्मगुरूंसाठी काढलेले नियम पाहावेत. गावोगावी शाळा चालवाव्यात, मुलांना शिकवण्याबद्दल काही मागू नये, पालक आपखुशीने देतील तेवढेच घ्यावे, असे तेथे सांगितले आहे. चर्चच्या इमारतीत धान्य आणि गवत साठवू नये, हा नियमही त्यातच आहे. न्यायाधीशांना दिलेला उपदेश आणि धर्मगुरूंना दिलेला आदेश यांत एकच वृत्ती आहे, आणि दुसऱ्यात आत्मस्तुतीला वाव नव्हता. ऑर्लेआँजवळील जेर्मिन्यी-दे-प्रे येथील त्याच्या प्रार्थनागृहात कराराच्या कोशाचे (बायबलमधील दहा आज्ञांच्या पाट्या ठेवलेल्या पेटीचे) मोझेक आजही पाहता येते; त्याखालच्या लेखात तो वाचकांकडून केवळ आपल्यासाठी प्रार्थना मागतो.

उत्तर : जुनी_पाने

विरुद्ध बाजूचा प्रश्न निघाला आहे, म्हणून बंदिवासातील कवितेबद्दल सांगतो. ओतँचा बिशप मोदुइन याला, ज्याला दरबारात रोमन कवी ओव्हिडच्या ‘नासो’ या नावाने हाक मारत, थिओडल्फने कैदेतून पद्यपत्र लिहिले. राजा, राजपुत्र किंवा राणी यांच्याविरुद्ध आपण काहीही केलेले नाही, असे तो ठामपणे सांगतो. आपल्याला पोपकडून पॅलियम (आर्चबिशपांना मिळणारा मानाचा लोकरी पट्टा) मिळालेले असल्याने आपला न्याय करण्याचा अधिकारही पोपचाच आहे, असा त्याचा दावा आहे. गुलाम, दासी, मेंढपाळ, पाववाला, नावाडी, नांगरणारा या प्रत्येकाला आपापला कायदा आहे. तो हिरावला गेला आहे एकट्या बिशपकडून, ही त्या पत्रातील ओळ मला त्याच्या सर्व काव्यात सर्वांत वेदनेची वाटते. वीस वर्षांपूर्वी ज्याने इतरांच्या तक्रारी ऐकल्या, तोच आता सुनावणी मागतो आहे. मोदुइनने सहानुभूतीने उत्तर दिले, अन्यायाने हद्दपार झालेल्या ओव्हिड आणि तत्त्वज्ञ बोएथियस यांची आठवण करून दिली, आणि अपराध कबूल केल्यास सम्राट क्षमा करील, असा सल्लाही दिला.

तेव्हा आधी न्यायाधीशांवरची कविता आणि लगेच मोदुइनला लिहिलेले पत्र, असे वाचावे. ‘ग्लोरिया, लाउस’च्या ३९ द्विपदी त्यानंतर सलग वाचल्यास, बंदिवासातील माणूस शहरभरातून येणाऱ्या लोकांचा उल्लेख का करत राहतो, हे आपोआप लक्षात येईल.