एवा देमार्चिक: आवाजापेक्षा उच्चार
पोलिश गायिका एवा देमार्चिक म्हणजे दमदार आवाज, असं म्हणतात. ते खरंच, पण तिचं बळ उच्चारात आहे. पोलंडच्या क्राकूफ शहरातल्या ‘पिव्नित्सा पॉद बारानामी’ या तळघरातल्या कॅबरेत ती संगीतकार झिग्मुंट कोन्येच्नीच्या चाली गायची. तिची १९६७ची पहिली तबकडी त्याच्याच चालींची. त्या तबकडीतलं पोलिश कवी ब्यावोशेव्स्कीच्या कवितेवरचं मेरी-गो-राउंडचं गाणं हेडफोन लावून ऐका. कवी शब्दाची शेपटी पुन्हा पुन्हा म्हणतो, चाल जत्रेतल्या चक्रासारखी गरगरते, तरी एवाचं एक व्यंजन गळत नाही! हे गाणं नव्याने म्हणणारे इथेच घसरतात: वेग पकडला की जोडाक्षरं विरतात आणि कविता हातातून जाते. ती मात्र काळ्या पोशाखात जवळजवळ निश्चल उभी. सगळी हालचाल ओठांत. १९७२मध्ये तिने पिव्नित्सा सोडलं.