ग्रुंडगेन्सच्या मेफिस्टोला टाळ्या वाजवायच्या का?

तिसरी_घंटा : काल १९६० चा जर्मन 'फाउस्ट' बघितला, गटेच्या नाटकाच्या हॅम्बुर्गच्या प्रयोगाचंच चित्रण आहे. गुस्टाफ ग्रुंडगेन्सचा मेफिस्टो (नाटकातला सैतान) म्हणजे पांढराफटक चेहरा, वर चढवलेल्या काळ्या भुवया, आणि आवाज असा की सैतान आपल्या शेजारच्या खुर्चीत येऊन बसलाय असं वाटतं. वय साठ! मग त्याच्याबद्दल वाचत बसलो आणि मजाच गेली राव. हा माणूस १९३४ पासून बर्लिनच्या सरकारी थिएटरचा प्रमुख होता, ते थिएटर हिटलरच्या बड्या मंत्र्याच्या, गोरिंगच्या हाताखाली, आणि १९३६ मध्ये गोरिंगनेच त्याला प्रशियाचा स्टेट कौन्सिलर केलं. माझं मत स्पष्ट आहे, अभिनय कितीही थोर असो, हा विकला गेलेला नट.

विंगेतला : विकला गेला म्हणणं फार सोपंय हो. अर्न्स्ट बुश माहितीये का? कम्युनिस्ट गायक-नट, १९४३ मध्ये गेस्टापोच्या, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांच्या हाती लागला, खटला राजद्रोहाचा, म्हणजे फाशी जवळपास ठरलेली. ग्रुंडगेन्सने त्याच्यासाठी धडपड केली आणि तो वाचला. १९४५ ला रशियनांनी ग्रुंडगेन्सला नऊ महिने छावणीत डांबलं तेव्हा हाच बुश त्याच्या बाजूने उभा राहिला. ज्याचा जीव वाचला तो माफ करतो आणि आपण इथे चहा पीत निकाल देणार?

तिसरी_घंटा : बुश वाचला, मान्य. पण हान्स ओट्टोचं काय? त्याच थिएटरचा नट, तोही कम्युनिस्ट, १९३३ च्या सुरुवातीला काढून टाकला आणि नोव्हेंबरात नाझींनी मारहाण करून मारला. पुढच्याच वर्षी ग्रुंडगेन्स तिथल्या प्रमुखाच्या खुर्चीत! त्याला काय चाललंय ते माहीत नव्हतं असं कुणी सांगू नका. आणि 'ओम क्रुगर' (१९४१) या ब्रिटिशविरोधी प्रचारपटात ब्रिटिश मंत्री जोसेफ चेंबरलेन कुणी रंगवला? ह्यानेच.

आळशी_प्रेक्षक : मधे बोलतो. माझ्यासाठी तो कायम फ्रिट्झ लांगच्या 'एम' (१९३१) या सिनेमातला चोरांचा म्होरक्या. चामड्याचा कोट, हातमोजे, आणि गुंडांनी भरवलेल्या कोर्टात न्यायाधीश बनून बसलेला. पुढे काय होणार ते बघता जरा शहाराच येतो. बाकी तुमचं चालू द्या.

विंगेतला : सगळ्यांनी देश सोडून जायचं होतं का? जर्मन नट कॉनराड फाइट गेला, बायको ज्यू होती, त्याने योग्यच केलं, पण हॉलिवुडमध्ये जाऊन शेवटी नाझी अफसरच करत बसला ना! ग्रुंडगेन्स समलिंगी होता, म्हणजे त्या राज्यात कायद्याने गुन्हेगार. नटी मारियान हॉपेशी १९३६ चं लग्न बऱ्याच जणांना ढाल वाटतं. अशा माणसाकडून शौर्याची अपेक्षा कशी करायची, मला तरी कळत नाही.

तिसरी_घंटा : अहो शौर्य कुणी मागितलंय! गप्प राहणं वेगळं आणि पदं घेणं वेगळं. त्याचा एकेकाळचा मेहुणा क्लाउस मानने (ग्रुंडगेन्सचं पहिलं लग्न एरिका मानशी होतं) १९३६ ला 'मेफिस्टो' कादंबरीत हेच मांडलं. त्यावर पुढे ग्रुंडगेन्सच्या दत्तक मुलाने केस लढवून पुस्तकावर बंदी आणली आणि १९७१ ला जर्मनीच्या घटना न्यायालयात न्यायाधीशांची मतं ३-३ अशी फुटली म्हणून बंदी तशीच राहिली. पश्चिम जर्मनीत पुस्तक सरळ दुकानात यायला १९८१ उजाडलं, त्याच वर्षी कादंबरीवरचा इस्तवान झाबोचा सिनेमा आला आणि त्याला ऑस्कर.

विंगेतला : पण मग तुम्हीच सांगितलंत की, तीन-तीन! तिथल्या न्यायाधीशांनाही ठरवता आलं नाही. आणि हो, कादंबरी घरातल्याच माणसाने लिहिली, त्यात जुना राग किती आणि सत्य किती कोण ठरवणार.

तिसरी_घंटा : ते मत बंदीवर फुटलं होतं हो, माणसावर नाही. घोळ करू नका.

आळशी_प्रेक्षक : १९६३ ला मनिलाच्या हॉटेलात गेला ना तो? झोपेच्या गोळ्या?

विंगेतला : हो, जगप्रवासावर निघाला होता. चुकून की मुद्दाम, त्यावरही दोन तट आहेत. आणि घंटा, आज रात्री मी पण 'फाउस्ट' लावतोय, शिव्या उद्या घालू.