ड्रायव्हर-क्लीनरचा पीएफ कुणी भरायचा?

प्रश्न (मिरज): 12 ट्रक, 13 ड्रायव्हर, 9 क्लीनर. क्लीनर ठेकेदाराचे. तरी पीएफ माझ्याच अंगावर का?

उत्तर १: पीएफ लागू व्हायची 20 माणसांची मर्यादा मोजताना ठेकेदाराचेही धरतात, तुमचे 22 होतात. कामगाराचा आणि मालकाचा, दोन्ही हिस्से भरायची पहिली जबाबदारी मालकाची, मग ठेकेदाराच्या बिलातून वळते करा. मालकाचा हिस्सा मात्र पगारातून कापायचा नाही. चलन पुढच्या महिन्याच्या 15 तारखेपर्यंत. चुकलं की वर्षाला 12 टक्के व्याज, दंड वेगळा.

उत्तर २: घोळ होतो तो मागच्या थकबाकीत. पगारातून कापायचा राहिलेला कामगाराचा हिस्सा नंतर सहसा वसूल करता येत नाही, खिशातूनच जातो. म्हणून ठेकेदाराचं बिल देण्याआधी त्याच्या चलनासोबतची नावांची यादी हजेरीशी ताडून घ्या. नुसतं चलन काय, कुणाचंही दाखवतात!

उत्तर ३: ईएसआय (कामगारांचा आरोग्य विमा) 10 माणसांपासूनच, तेही बघा.