आयोवाचे फुटबॉल सामने न्यू जर्सीतून कुठे बघायचे?

चाफेकळी

नमस्कार मंडळी. आमची लेक यंदा आयोवा सिटीला गेली, युनिव्हर्सिटी ऑफ आयोवात. शाळेत पाच वर्षं ट्राँबोन वाजवत होती, तिथे ऑडिशन देऊन मार्चिंग बँडमध्ये लागली, म्हणजे अमेरिकन फुटबॉलच्या सामन्यात हाफटाइमला, मध्यंतराला, मैदानावर चालत वाजवणारा बँड. ऑगस्टपासून फोनवर दुसरा विषय नाही. पायाला फोड किती आले, कुठल्या पावलाला वळायचं, सगळं पाठ झालंय आम्हाला. आणि घरचा पहिलाच सामना शनिवारी आमचा चुकला. त्याची इतकी हळहळ लागून राहिलीय की आज हा धागा काढतेय.

साईटवर सकाळी अकराची वेळ होती. पावणेअकरालाच चहा घेऊन आम्ही दोघं टीव्हीसमोर बसलो. जे चॅनल लिहिलं होतं त्याचं ॲप लावलं, तर चार माणसं टेबलाशी बसून गप्पा मारतायत, मागे भलत्याच गावचं मैदान. सव्वाअकरा झाले तरी तेच. वाटलं, आपलंच काहीतरी चुकलं. फोनवर शोधलं तर दहा ॲपची नावं आली, प्रत्येकाला पैसे, कशाला भरायचे कळेना. शेवटी टीव्ही बंद करून वाणसामान आणायला गेलो. दीड वाजता दुकानाच्या रांगेत उभी होते, हातात मेथीच्या जुड्या, आणि तिचा फोन. "आई, हाफटाइम झाला! दिसले का मी?" मला बोलताच येईना.

आणखी एक गोष्ट आहे, ती मला स्वतःच्या डोळ्यांनी बघायचीच आहे. तिथल्या किनिक स्टेडियमला अगदी लागून मुलांचं हॉस्पिटल आहे. पहिला क्वार्टर, म्हणजे सामन्याचा पाव भाग, संपला की जवळपास सत्तर हजार माणसं हॉस्पिटलकडे तोंड करून हात हलवतात, आणि वरच्या मजल्यांवरून आजारी मुलं, त्यांचे आईवडील हात हलवून उत्तर देतात. २०१७ पासून दर घरच्या सामन्याला हे होतं. समोरचा संघसुद्धा हात हलवतो, पंचसुद्धा. लेक म्हणाली, "मी ट्राँबोन काखेत धरून हात हलवला, आणि मग पुढची धून वाजवायला ओठच जुळेनात."

आमच्याकडे केबल नाही, दोन वर्षांपूर्वी बंद केली. तर कुठला सामना कुठे हे कसं कळतं? काय घ्यावं लागेल? आणि हाफटाइमचा बँड टीव्हीवर दाखवतात का?

रानवारा

ताई, चॅनल बरोबरच होतं, घड्याळ चुकलं. आयोवा सेंट्रल टाइममध्ये, तुम्ही ईस्टर्नमध्ये. त्यांचे अकरा म्हणजे तुमचे बारा. टेबलाशी बसलेली माणसं सामन्याआधीचा कार्यक्रम करत होती. तो कार्यक्रम त्या दिवशीच्या मोठ्या सामन्याच्या गावी जाऊन करतात, म्हणून मैदान भलतंच दिसलं. पाऊण तास अजून थांबला असतात तर सामना लागला असता. यापुढे वेळ बघताना शेजारी सीटी आहे की ईटी एवढं आधी बघा. मी मॅडिसनला शिकलो, नंतर सहा वर्षं बोस्टनला होतो, मलाही हे अंगवळणी पडायला एक हंगाम गेला.

आता चॅनलचं. आयोवा बिग टेन कॉन्फरन्समध्ये, म्हणजे आपसात खेळणाऱ्या विद्यापीठांच्या गटात आहे. नाव टेन, पण २०२४ पासून त्यात अठरा विद्यापीठं आहेत. सामना कुठे दिसणार हे संघावर नाही, यजमान संघाच्या कॉन्फरन्सने हक्क कुणाला विकलेत त्यावर ठरतं. बिग टेनने २०२३ पासून ते फॉक्स, सीबीएस आणि एनबीसी या तिघांना दिलेत. ठोकळ हिशेब असा, की तुमच्या दुपारी बाराचा मोठा सामना फॉक्सवर, साडेतीनचा सीबीएसवर, रात्री साडेसातचा एनबीसीवर. उरलेले एफएस वन (फॉक्सचं खेळांचं चॅनल) आणि बिग टेन नेटवर्कवर जातात, आणि दर हंगामात थोडे सामने फक्त पीकॉकवर, एनबीसीच्या पैसे भरून बघायच्या ॲपवर असतात, टीव्हीवर कुठेच नाही.

यातले फॉक्स, सीबीएस, एनबीसी हे तिन्ही हवेतून फुकट येतात. एक साधा घरात लावायचा अँटेना आणा, टीव्हीच्या मागे जिथे केबलची तार लागायची तिथे खुपसा, आणि सेटिंगमध्ये जाऊन चॅनल स्कॅन करा. न्यूयॉर्कची केंद्रं तुमच्याकडे येत असतील तर सीबीएस २ वर, एनबीसी ४ वर, फॉक्स ५ वर. अँटेना टीव्हीमागे लपवून ठेवू नका, न्यूयॉर्कच्या बाजूच्या खिडकीत ठेवा, उंच. चित्र तुटायला लागलं तर हातभर सरकवून पुन्हा स्कॅन.

राहिले एफएस वन आणि बिग टेन नेटवर्क. ऑगस्ट २०२५ मध्ये फॉक्स वन नावाची सेवा सुरू झाली, तेव्हा महिना १९.९९ डॉलर होती. तिच्यात ही दोन्ही चॅनल आहेत. आयोवाचे दोनतीन सामने लागोपाठ तिथे असतील तेव्हा महिनाभर घ्यायची, मग बंद. पीकॉकचंही तसंच. सगळी चॅनल एकत्र देणाऱ्या मोठ्या लाइव्ह टीव्ही सेवाही आहेत, पण त्या महिना ऐंशी डॉलरच्या पुढे गेल्यात. गेल्या हंगामात माझ्याकडे त्यातली एक होती. ऐन नोव्हेंबरात त्यांचं आणि एका चॅनलसमूहाचं पैशांवरून फिसकटलं आणि दोन आठवडे शनिवारी पडदा काळा. तेव्हापासून मी अँटेना काढून ठेवत नाही.

एकाच गोष्टीपासून सावध करतो. बिग टेन प्लस नावाचं ॲप दिसेल, नावावरून वाटतं यातच सगळं असणार. त्यात व्हॉलीबॉल, कुस्ती, सॉकर असे टीव्हीवर न येणारे सामने असतात. फुटबॉलचे लाइव्ह सामने त्यात नसतात. माझ्या ओळखीच्या दोघांनी वर्षभराचे पैसे भरून ठेवले होते.

जुना सायक्लोन

ताई, मी आयोवा स्टेटचा, एम्सचा, म्हणजे तुमच्या लेकीच्या विद्यापीठाचा हाडाचा प्रतिस्पर्धी. तरी लिहितो, कारण किनिकमधलं ते हात हलवणं मी पाहुण्यांच्या बाजूला उभं राहून पाहिलंय. आमच्या लाल-पिवळ्या कपड्यांतली सगळी माणसं वळून उभी राहिली होती. शेजारी एक धिप्पाड गडी होता, तोवर आयोवाच्या नावाने घसा फोडत होता. त्याने टोपी काढली.

मी १९७९ मध्ये आलो तेव्हा शनिवारी टीव्हीवर एखाददुसरा सामना असायचा. कुणाचा दाखवायचा हे एनसीएए, म्हणजे कॉलेजच्या खेळांची देशव्यापी संस्था, ठरवायची, आणि एक संघ वर्षात किती वेळा दिसावा यालाही बंधन होतं. कारण सांगायचे की घरी दिसलं तर तिकिटं कोण काढणार. ओक्लाहोमा आणि जॉर्जियाची विद्यापीठं त्याविरुद्ध कोर्टात गेली आणि १९८४ मध्ये सुप्रीम कोर्टाने ७ विरुद्ध २ असा निकाल त्यांच्या बाजूने दिला. तेव्हापासून हक्क मोकळे झाले, आणि जो तो आपापला सौदा करू लागला. आज तुम्हाला दहा ॲप दिसतात त्याचं मूळ तिथे आहे. मी मात्र तक्रार करत नाही. आम्ही तेव्हा गाडीत बसून रेडिओवर सामने ऐकलेत, नोव्हेंबरच्या थंडीत काच वर करून.

रेडिओवरून आठवलं. व्हर्सिटी नेटवर्क नावाचं ॲप फोनवर घ्या, त्यावर कॉलेजच्या संघांचं रेडिओ समालोचन फुकट ऐकता येतं. शनिवारी कुठे लग्नाला, बारशाला अडकलात तर कानात घालून ठेवता येईल. आयोवाचं समालोचन गॅरी डॉल्फिनने १९९६ पासून कित्येक वर्षं केलंय. प्रतिस्पर्धी असलो तरी कबूल करतो, डोळ्यांसमोर मैदान उभं करतो तो माणूस.

मध्यमा

माझा मुलगा चार वर्षं ओहायोत मार्चिंग बँडमध्ये होता, सूझाफोन वाजवायचा, अंगाभोवती घालायचं मोठ्या भोंग्याचं वाद्य. तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर मी देते, ते तुम्हाला आवडणार नाही. हाफटाइमचा बँड टीव्हीवर सहसा दाखवत नाहीत. वीस मिनिटांची ती सुट्टी जाहिराती आणि स्टुडिओतल्या चर्चेत जाते. बँडचा सामन्याआधीचा कार्यक्रमही नाही. पहिल्या वर्षी मी रिमोट हातात धरून वीस मिनिटं चॅनल बदलत बसले होते.

दिसतो तो मध्येच. टचडाऊननंतर, म्हणजे संघाने गुण मिळवल्यावर, कॅमेरा बँडवर जातो तीनचार सेकंद, जाहिरातीतून परत येताना एखादं दृश्य. म्हणून लेकीला आधी विचारून ठेवा, स्टँडमध्ये कुठे बसतेस, कितवी रांग, डावीकडून कितवी. आणि सामना रेकॉर्ड करत असाल तर शेवटी एक तास जास्तीचा लावा. साडेतीन तास सहज होतात, आणि आधीचा सामना लांबला की आपलाही पुढे सरकतो. ते चार सेकंद थांबवून बघता येतात म्हणून मी हे सांगतेय. माझ्याकडे मुलाची अशी अकरा चित्रं आहेत, चार वर्षांतली.

पूर्ण कार्यक्रम हवा असेल तर यूट्यूब. बँड स्वतः टाकतात, नाहीतर स्टँडमधल्या कुणा ना कुणा पालकाने घेतलेला असतोच. शनिवारी रात्री किंवा रविवारी शोधा.

चाफेकळी

किती आपलेपणाने लिहिलंत सगळ्यांनी! अँटेना आणला. दिवाणखान्यात चित्र तुटत होतं, झोपायच्या खोलीच्या खिडकीत नीट आलं, तर टीव्हीच तिकडे हलवला. एकच विचारायचंय. पुढच्या घरच्या सामन्यापुढे साईटवर वेळच नाही, नुसतं टीबीए, म्हणजे नंतर कळवू, असं लिहिलंय. ही वेळ कधी कळते?

रानवारा

साधारण बारा दिवस आधी, सोमवारी. चॅनलवाले त्या शनिवारचे सगळे सामने समोर ठेवून आळीपाळीने निवडतात, त्यावर वेळ ठरते. कधीकधी निवड सहा दिवसांपर्यंत लांबवतात, मग आदल्या आठवड्याचे निकाल लागल्यावरच कळतं. नेब्रास्काचा सामना मात्र बहुतेक वर्षी थँक्सगिव्हिंगच्या दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी असतो. तो शनिवारी शोधत बसू नका. हंगाम संपल्यावर बोल मॅच (निवडक संघांचा जादा सामना) मिळाली तर ती बहुतेक करून ईएसपीएनवर, ते तेव्हा बघू.

चाफेकळी

पाहिला! काल, साडेतीनला, सीबीएसवर, ठरलेल्या मिनिटाला. सगळा खेळाचा संघ एकमेकांचे हात धरून संथपणे मैदानात येतो, हे लेकीने सांगितलं नव्हतं. लहान मुलं शाळेच्या सहलीला जाताना धरतात तसे हात, आणि ही एवढी आडदांड पोरं.

पहिला क्वार्टर संपला आणि जाहिराती लागल्या. माझा जीव खाली-वर. मग परत आले तर कॅमेरा वरून, सगळं स्टेडियम एका दिशेला वळलेलं, हातच हात. मग हॉस्पिटलची खिडकी. काचेला गाल चिकटवून एक छोटी मुलगी, डोक्याला रुमाल, आईच्या कडेवर. मग बँड. दुसरी रांग, डावीकडून पाचवी, असं लेकीने सांगितलं होतं. ट्राँबोन काखेत, टोपीखालून चेहरा अर्धाच दिसत होता, पण हात हलवायची पद्धत तिची. बालवाडीच्या दारात अशीच हलवायची, कोपर न हलवता नुसता पंजा. मी शेजारी बघितलं तर नवरा पलंगावरून उठून उभा राहिला होता आणि टीव्हीकडे बघून हात हलवत होता.

पुढचा सामना बाहेरगावी आहे, बँड जाणार नाही म्हणाली. तरी आज सकाळपासून नवऱ्याने दोनदा विचारलं, कुठल्या चॅनलवर आहे म्हणून. बघितलं मी, बिग टेन नेटवर्कवर. आज फॉक्स वन घेतेय.