भाडेकरूंची नावे आणि फॉर्म ७

*सचिव:* सर्व सभासदांस नमस्कार. भाडेकरू व वॉचमन यांची नावे लातूरच्या मतदार यादीतून कमी करावीत, असे पत्र सोसायटीच्या लेटरहेडवर बीएलओंना (मतदान केंद्रस्तरीय अधिकाऱ्यांना) द्यावे, अशी सूचना आली आहे. कृपया मत कळवावे.

*बी-३०२:* माझा पाठिंबा आहे. वॉचमनचे गाव धारूर, आधारवरचा पत्ताही तिकडचाच. मग इथे मतदान कशाला? घर ज्याचे, मत त्याचे.

*ए-१०४:* काका, आपल्या वयाचा मान ठेवून लिहिते, पण कायदा नेमका उलटा आहे. लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५० च्या कलम २० नुसार केवळ घर मालकीचे आहे एवढ्यावरून कोणी तिथला सर्वसाधारण रहिवासी ठरत नाही. त्यामुळे पुण्यात स्थायिक होऊन दिवाळीपुरते इथले कुलूप काढणाऱ्या मालकापेक्षा बारा महिने गेटवर बसणाऱ्या वॉचमनचा हक्क अधिक भक्कम आहे. तात्पुरते बाहेर गेल्याने रहिवास संपत नाही, असेही तेच कलम सांगते. म्हणून तर कोयता घेऊन कारखान्यावर गेलेल्या जोडप्याचे नाव गावच्या यादीत टिकते. मात्र नाव एकाच ठिकाणी हवे. धारूरला असेल, तर फॉर्म ८ भरून ते इकडे आणावे लागेल.

*बी-३०२:* मग बोगस नावे कोणी काढायची? ओळख तपासूच नये का?

*ए-१०४:* जरूर तपासावी, पण नोटीस देऊन आणि म्हणणे ऐकून. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये लाल बाबू हुसेन प्रकरणात हेच बजावले. बिहारमध्ये २०२५ साली मतदार यादीच्या फेरतपासणीत प्रारूप यादीतून सुमारे ६५ लाख नावे गळाली, तेव्हा ती कारणांसह जाहीर करण्याचा आदेश न्यायालयाला द्यावा लागला. पुढे आधारही स्वीकारायला सांगितले, परंतु ओळखीपुरते, नागरिकत्वाचा पुरावा म्हणून नव्हे. शिवाय नाव वगळण्यासाठीच्या अर्जावर, म्हणजे फॉर्म ७ वर, सही व्यक्तीची लागते, सोसायटीची नाही, आणि त्यातील निवेदन जाणूनबुजून खोटे केल्यास एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. लेटरहेडमागे लपता येत नाही.

*सचिव:* पत्र देण्याचा विषय थांबवण्यात येत आहे.

*बी-३०२:* ठीक आहे. माझ्या मुलाचे नाव पुण्यातही आहे आणि इथेही. त्याने काय करावे?

*ए-१०४:* इथले नाव कमी करण्यासाठी त्याने स्वतः फॉर्म ७ भरावा, काका. ऑनलाइनही भरता येतो.