युद्धाने मॉड्रिच घडवला, हे म्हणणं आता पुरे

मधल्या_फळीतला (धागाकर्ता)

आमच्या घरच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर या आठवड्यात तोच व्हिडिओ तिसऱ्यांदा आला. वेलेबिट डोंगराचा खडकाळ उतार, पाचेक वर्षांचं पोरगं, हातात काठी, पुढे शेरडं. मग काळ्या पडद्यावर अक्षरं येतात: आजोबांना मारलं, घर गेलं, निर्वासित झाला. शेवटी २०१८ चा बॅलन डी'ओर, म्हणजे जगातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूचा सोन्याचा चेंडू, हातात घेतलेला लुका मॉड्रिच. त्याखाली आमच्या मामांचा शेरा, "संकटंच माणूस घडवतात. आताच्या पोरांना सगळं आयतं." सोळा वर्षांचा भाचा त्याच ग्रुपवर आहे. त्याने मुकाट्याने अंगठा दाखवला.

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. मॉड्रिच हा क्रोएशियाचा फुटबॉलपटू, १९८५ चा, तिथल्या झादार भागातला. आई-वडील दोघंही कामावर, त्यामुळे पोर आजोबांकडे. त्यांचंही नाव लुकाच. युगोस्लाव्हिया फुटतानाच्या युद्धात, १८ डिसेंबर १९९१ ला, सर्ब बंडखोरांनी आजोबांना मारलं. नातू तेव्हा सहा वर्षांचा. कुटुंब झादार शहरात पळालं आणि पुढची काही वर्षं हॉटेलात राहिलं, आधी कोलोवारे, मग ईझ. हॉटेल म्हणजे डोळ्यांसमोर भलतंच काही आणू नका, बेघर झालेल्या कुटुंबांना सरकारने तिथे खोल्या दिल्या होत्या. शहरावर तोफगोळे पडत होते आणि हे पोर पार्किंगमध्ये चेंडू मारत होतं.

इथवर सगळं खरं. माझं भांडण "म्हणून तो घडला" या वाक्याशी आहे. त्या पार्किंगमध्ये तो काही एकटा नव्हता. बाकीच्या पोरांनाही तेवढेच तोफगोळे मिळाले होते. याला आणखी काय मिळालं? गोळीबारातही पोरांचं प्रशिक्षण चालू ठेवणारा झादार क्लब मिळाला. टोमिस्लाव बाशिच नावाचा प्रशिक्षक मिळाला, ज्याला मॉड्रिच पुढे वडिलांच्या जागी मानायचा. क्रीडाशाळेची फी भरायला अधूनमधून हात सैल सोडणारा काका मिळाला. मामांच्या व्हिडिओत काका नाही. बाशिचही नाही. फक्त शेरडं आहेत.

---

डावखुरी

असहमत, आणि बऱ्यापैकी असहमत.

प्रशिक्षक काय, सगळ्यांनाच असतात हो. १ जुलै २०१८, विश्वचषकातला डेन्मार्कविरुद्धचा सामना आठवा. १-१, जादा वेळ, ११६ वं मिनिट, पेनल्टी. ती मिळवून देणारा पासही मॉड्रिचचाच, आणि त्यानेच मारली. त्यांचा गोलरक्षक श्माइकेलने अडवली, नुसती अडवली नाही, छातीशी कवटाळली. दुसरा कुणी असता तर तिथेच खचला असता. पाच-दहा मिनिटांत पेनल्टी शूटआउट सुरू. हा तिसऱ्या क्रमांकावर परत चालत आला, समोर तोच श्माइकेल, आणि गोल.

ही छाती कुठल्या क्लबात शिकवतात सांगा. ज्याने सहाव्या वर्षी आजोबा गमावले त्याला पेनल्टीची काय भीती?

---

मधल्या_फळीतला

ताई, सामना मीही पाहिलाय, रात्रीची झोप घालवून. पण त्या शूटआउटची शेवटची, जिंकून देणारी पेनल्टी कुणी मारली? राकितिचने. पुढच्याच फेरीत रशियाविरुद्धही शेवटची त्याचीच. राकितिच स्वित्झर्लंडमध्ये जन्मला, तिथेच वाढला. त्याच्या बालपणात तोफगोळे नव्हते. मग त्याची छाती कुठून आली?

---

पाऊसपाणी

पण एकटा मॉड्रिच थोडाच आहे? त्याच संघातला लोवरेन घ्या. बोस्नियातून घरच्यांबरोबर जर्मनीला पळाला, म्युनिकमध्ये वाढला, आणि सात वर्षांनी कागदपत्रं नाहीत म्हणून देश सोडावा लागला. मांजुकिचही लहानपणी जर्मनीत होता, युद्धामुळेच. चोर्लुकाचा जन्म बोस्नियातल्या देर्व्हेंताचा. जेमतेम ४० लाखांचा देश थेट विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात जातो आणि संघात इतकी उखडलेली पोरं. हा योगायोग नाही.

---

मधल्या_फळीतला

योगायोग नाहीच. १९९१ ते ९५ मध्ये त्या भागात लाखो माणसं घरादारातून उठली. त्या काळात जी मुलं पाच-दहा वर्षांची होती त्यांतून कुठलाही संघ निवडा, बुद्धिबळाचा निवडा नाहीतर तबलावादकांचा, त्यात निर्वासित निघणारच. दुष्काळी तालुक्यातल्या शाळेत बोर्डात पहिला आलेला मुलगाही दुष्काळीच असतो. म्हणून मार्क दुष्काळाने दिले म्हणायचं का?

आता उलट बघा. १९९८ मध्ये क्रोएशिया पहिल्याच विश्वचषकात तिसरा आला. शुकर सहा गोल करून गोल्डन बूट घेऊन गेला. बोबान, प्रोसिनेच्की, यार्नी, श्टिमाच. ही पिढी निर्वासितांची पोरं नव्हती. १९८७ मध्ये चिलीला युगोस्लाव्हियाने वीस वर्षांखालचा विश्वचषक जिंकला, त्या संघातली ही पोरं. म्हणजे युद्धाच्या आधीपासून तिथे चेंडू शिकवायची पद्धत होती, माणसं होती. युद्धाने ती जवळपास मोडली. बाशिचसारख्यांनी जी शिल्लक ठेवली तिच्यावर मॉड्रिच उभा आहे.

(हो, श्टिमाच म्हणजे तोच, आपल्या भारतीय संघाचा २०२४ पर्यंतचा प्रशिक्षक. त्याआधी क्रोएशियाचाही होता, मॉड्रिच त्याच्या हाताखाली खेळलाय. आपल्याकडे त्याच्या वाट्याला मधली फळीच आली नाही, तो वेगळा धागा काढा.)

---

पूर्व_गॅलरी_कोल्हापूर

श्टिमाचच्या धाग्याला माझं आत्ताच अनुमोदन.

मूळ मुद्द्यावर थोडं. मॉड्रिचच्या गोष्टीत मला सगळ्यात मोठं वाटतं ते हायदुक स्प्लिट या क्लबचं प्रकरण, आणि त्यावर कुणीच बोलत नाही. दाल्मेशियातलं, म्हणजे झादारच्या त्या किनारपट्टीतलं, प्रत्येक पोरगं हायदुकचं स्वप्न बघतं. हा गेला तर "बारका आहे, टिकणार नाही" म्हणून परत पाठवला. त्यात युद्धही नाही आणि आजोबाही नाहीत, नुसता एक आंधळा निवडकर्ता.

हे मी पोटातून बोलतोय. आमच्या शहरात पेठेपेठेला संघ, दर सामन्याला मैदान फुल्ल. मी पंधराचा असताना एका निवडीला गेलो होतो. त्या माणसाने माझ्या पायाकडे बघितलंच नाही. दंड धरला, अंगठा आणि बोट एकमेकांना टेकवून दाखवलं आणि म्हणाला, "जा, आईला सांग दूध वाढव." अख्खी रांग हसली. माझ्यात मॉड्रिच नव्हता हे मला माहिती आहे, गैरसमज नको. पण चेंडू पायाला लावू तरी द्यायचा राव.

मॉड्रिच परत झादारला आला तेव्हा बाशिच होता. त्यानेच पुढे दिनामो झाग्रेब या मोठ्या क्लबची वाट काढली. दिनामोने अठराव्या वर्षी उसना दिला तो मोस्तारच्या झ्रिन्स्कीला, बोस्नियाच्या लीगमध्ये. तिथली मैदानं आणि तिथले बचावपटू यांच्याबद्दल नंतर तो स्वतःच म्हणालाय की तिथे खेळू शकतो तो कुठेही खेळू शकतो. मग झाप्रेशिचला आणखी एक हंगाम. २००५ मध्ये दिनामोचा लांब मुदतीचा करार झाला तेव्हा त्या पैशातून पहिलं काय केलं, तर झादारमध्ये घरच्यांसाठी फ्लॅट घेतला. हे ऐकून मात्र माझ्या घशात आवंढा येतो. मुद्द्याला तो कुणाच्या बाजूने जातो ते तुम्ही ठरवा.

---

डावखुरी

माझ्याच बाजूने जातो! ज्याचं घर गेलं तोच पहिलं घर घेतो. तुम्ही म्हणता युद्धाचा संबंध नाही, आणि पुरावा हा देता?

---

मधल्या_फळीतला

युद्धाचा त्याच्या आयुष्याशी संबंध नाही असं मी कधी म्हणालो? फ्लॅटशी आहे, झोपेशी असेल, आजोबांच्या नावाशी तर आहेच. पायाच्या बाहेरच्या बाजूने चाळीस मीटरवर जो पास जातो, त्याच्याशी नाही.

---

दिवाणी_फौजदारी

सगळ्यांनीच सोयीने एक प्रकरण गाळलंय, म्हणून नाइलाजाने.

दिनामोचा सर्वेसर्वा झ्द्राव्को मामिच. त्याच्या क्लबातून खेळाडू परदेशात विकला की हस्तांतरणाच्या रकमेतला वाटा खेळाडूच्या खात्यात यायचा आणि तिथून मामिच मंडळींकडे जायचा, असा खटला. २००८ मध्ये मॉड्रिच इंग्लंडच्या टॉटनहॅम क्लबला १.६५ कोटी पौंडांना गेला, तो व्यवहारही त्यात. करारातलं वाट्याचं कलम विक्रीनंतर मागची तारीख घालून जोडलं का, हा कळीचा प्रश्न. तपासात मॉड्रिचने एक सांगितलं आणि जून २०१७ मध्ये कोर्टात साक्षीला उभा राहिल्यावर "आठवत नाही, तसं म्हणालो नव्हतो" यावर आला. सगळा देश भडकला. कारण मामिच हा तिथल्या फुटबॉलप्रेमींचा एक नंबरचा शत्रू.

आणि आता तुमच्या व्हिडिओशी जोडून बघा. लोकांनी निषेध कुठे रंगवला? झादारच्या त्याच ईझ हॉटेलच्या भिंतीवर, जिथे तो लहानपणी राहिला होता. "लुका, हे तुला एक दिवस आठवेल." ज्या भिंतीचं भांडवल करून त्याची पोथी लिहिली गेली, तिच्यावरच.

मार्च २०१८ मध्ये खोट्या साक्षीचा आरोप लागला. जूनमध्ये, विश्वचषक आठवड्यावर आलेला असताना, मामिचला साडेसहा वर्षांची शिक्षा झाली. तो आधीच बोस्नियात सटकला होता.

---

पाऊसपाणी

आणि मॉड्रिचवरचा आरोप कोर्टाने त्याच वर्षी फेटाळला, तेही सांगा की वकीलसाहेब. अर्धी फाइल वाचून दाखवू नका.

---

दिवाणी_फौजदारी

फेटाळला, बरोबर. उरलेली अर्धी तुम्ही वाचलीत, आभारी आहे. मी त्याला गुन्हेगार म्हणतच नाहीये. मी म्हणतोय की "निर्वासित पोर ते सोन्याचा चेंडू" ही पोथी २०१७ च्या त्या उन्हाळ्यावरून उडी मारून जाते. रशियात तो स्पर्धेचा सर्वोत्तम खेळाडू ठरला तेव्हा घरी निम्मे लोक टाळ्या वाजवता वाजवता थोडे अवघडले असतील. तो अवघडलेपणा मला शेरडांपेक्षा जास्त खरा वाटतो.

---

शब्दच्छल

भाषेचा मुद्दा. मॉड्रिच "निर्वासित" नव्हताच. सीमा ओलांडतो तो निर्वासित, आपल्याच देशात उठवला जातो तो विस्थापित. क्रोएशियन लोक स्वतः हा फरक करतात. क्रोएशियातल्या क्रोएशियात हललेले ते 'प्रोग्नानिक', बोस्नियातून आलेले ते 'इझ्ब्येग्लित्सा'. खरा निर्वासित हवा असेल तर एदुआर्दो कामाव्हिंगा घ्या. काँगोच्या आई-वडिलांच्या पोटी २००२ मध्ये अंगोलातल्या छावणीत जन्म, अगदी लहान असतानाच फ्रान्सला, फुजेर गावात वाढला. २०१३ मध्ये तिथलंही घर जळालं. नोव्हेंबर २०१९ मध्ये नागरिकत्व, सप्टेंबर २०२० मध्ये अठरा पूर्ण व्हायच्या आत फ्रान्सकडून पहिला सामना. समोर कोण? क्रोएशिया. नंतर माद्रिदला मधल्या फळीत मॉड्रिचच्याच शेजारी.

दुसरं. वेलेबिटच्या पायथ्याच्या त्याच पट्ट्यातून ऑगस्ट १९९५ मध्ये, क्रोएशियन सैन्याच्या 'वादळ' मोहिमेनंतर, दीड-दोन लाख सर्ब निघून गेले. ट्रॅक्टरवर संसार बांधून. त्यात सहा वर्षांची पोरं नसतील? त्यांचा व्हिडिओ कुठल्या मामांनी पाठवला?

---

डावखुरी

हा शेवटचा मुद्दा लागला. यावर माझ्याकडे उत्तर नाही.

---

मधल्या_फळीतला

माझ्याकडेही नाही. आणि "निर्वासित"बद्दल शब्दच्छल यांचं बरोबर. धाग्यात दुरुस्त केलं असतं, पण संपादनाची वेळ गेली.

---

पूर्व_गॅलरी_कोल्हापूर

एवढं सगळं झाल्यावर भाच्याला काय सांगितलंत ते तरी सांगा.

---

मधल्या_फळीतला

काही नाही. २४ जून २०२४ चा इटलीविरुद्धचा सामना लावून दिला. मॉड्रिच अडतीस वर्षांचा. पेनल्टी दोन्नारुम्माने अडवली आणि मिनिटभरात यानेच गोल मारला. मग ९८ व्या मिनिटाला झाकान्यीने बरोबरी केली आणि सगळं पाण्यात गेलं. भाचा म्हणाला, "मामा, हा पेनल्टी चुकवतोच का?" मग दोघांनी मिळून तो पाय कसा ठेवतो ते चार वेळा मागे नेऊन बघितलं.

---

डावखुरी

बघा! चुकवली आणि मिनिटात गोल. डेन्मार्कसारखंच.

मामिचचं मान्य, काकाचं मान्य, सर्बांचं तर मान्यच मान्य. पेनल्टीचं नाही. ११६ वं मिनिट परत लावा आणि शूटआउटला चालत येताना त्याचा चेहरा बघा. मग बोलू.