मोंबासा-नैरोबी रेल्वे: कर्ज चीनचं, पण करार कुणी लपवला?

रानजाई:

आफ्रिकेतल्या चिनी पैशाचा विषय निघाला की आपल्याकडे दोनच सूर ऐकू येतात. चीन कर्ज देऊन देशच्या देश गिळतोय, हा एक. गोऱ्यांनी नुसतं लुटलं, चीन निदान रस्ते तरी बांधतोय, हा दुसरा. मी २०१६ ते २०२० केनियात, नैरोबीला नोकरीला होते. मला दोन्ही अर्धवट वाटतात, म्हणून एकाच प्रकल्पाबद्दल लिहिते.

३१ मे २०१७ ला मोंबासा-नैरोबी नवी रेल्वे सुरू झाली. त्याच वर्षी मी तिने मोंबाशाला गेले. जुनी गाडी रात्रभर रखडायची, ही पाच-साडेपाच तासांत पोचवते. त्सावोची लाल माती, खिडकीतून दिसणारे हत्ती, डब्यात पहिल्यांदाच समुद्र बघायला निघालेली कुटुंबं. त्या लोकांचा आनंद मी पाहिला आहे. त्यामुळे 'ही रेल्वे म्हणजे नुसता पांढरा हत्ती' असं कुणी म्हटलं की मला ते लागतं. शेजारचा जुना मीटरगेज मार्ग इंग्रजांनी १८९६ ते १९०१ मध्ये टाकला. त्यासाठी हिंदुस्थानातून सुमारे ३२ हजार मजूर नेले होते आणि त्यातले अडीच हजारांच्या आसपास तिथेच मरण पावले.

आता पैशाचं. साधारण ४७० किलोमीटरला ३.६ अब्ज डॉलर्सच्या आसपास खर्च, त्यातले ९० टक्के चीनच्या एक्झिम बँकेचं कर्ज. काम चायना रोड अँड ब्रिज कॉर्पोरेशनला, तेही खुली निविदा न काढता. करार लोकांना दाखवलाच नाही. नोव्हेंबर २०२२ मध्ये नव्या सरकारने त्याचे काही भाग खुले केले, तेव्हा कळलं की अटी गुप्त ठेवायचं बंधन होतं आणि वाद झालाच तर लवाद चीनमध्ये. शिवाय मोंबासा बंदराने रेल्वेला ठराविक माल पुरवण्याची हमी दिलेली. ती भरून काढायला आयातदारांचे कंटेनर रेल्वेनेच न्यायची सक्ती झाली. मोंबाशाचे ट्रकवाले रस्त्यावर उतरले. मरियाकनी, वोई, मटिटो अँडेई ही महामार्गावरची गावं ट्रकवाल्यांच्या जेवणा-मुक्कामावर जगत होती, त्यांचा धंदा बसला. ती सक्ती उठायला २०२२ मधला सत्ताबदल व्हावा लागला.

माझं म्हणणं एवढंच, की कर्ज कुणाचं यापेक्षा करार कुणी वाचला हा प्रश्न मोठा आहे.

कोकणकडा:

लेख आवडला, पण निष्कर्ष पटला नाही. 'कर्ज कुणाचं हे महत्त्वाचं नाही' म्हणणं म्हणजे चीनला मोकळं सोडणं. चीनला व्याजापेक्षा जास्त काहीतरी हवं असतं आणि ते त्याला मिळतंय.

टांझानियात किबाहा इथे २०२२ मध्ये ज्युलियस न्येरेरे यांच्या नावाने नेतृत्व प्रशाला सुरू झाली. पैसा चिनी कम्युनिस्ट पक्षाचा. शिकायला येणार ते टांझानिया, दक्षिण आफ्रिका, मोझांबिक, अंगोला, नामिबिया आणि झिंबाब्वे या सहा देशांतल्या जुन्या मुक्तिलढ्यातल्या पक्षांचे कार्यकर्ते. पक्ष आणि सरकार एकच कसं ठेवायचं हे बीजिंगकडून शिकलेली पिढी पुढे विरोधकांशी कशी वागेल?

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार परिषदेत चीनच्या शिनजियांग प्रांतातल्या उइगुर मुस्लिमांच्या स्थितीवर नुसती चर्चा तरी करावी, असा ठराव आला होता. तो १७ विरुद्ध १९ मतांनी पडला. आफ्रिकेतून बाजूने मत दिलं ते एकट्या सोमालियाने. तैवानला मान्यता देणारा देश त्या अख्ख्या खंडात एकच उरलाय, एस्वातिनी. रेल्वेचा हप्ता डॉलरमध्ये मोजता येतो. हा हप्ता कसा मोजणार?

काळीमाती:

कोकणकडा, त्या मतदानात मलावी, बेनिन, गाम्बिया तटस्थ होते. म्हणजे सगळे काही ओणवे झालेले नाहीत. आणि इराकवरच्या हल्ल्याच्या वेळी छोट्या देशांची मतं मिळवायला अमेरिकेने किती दबाव आणला होता? बड्या देशाच्या पैशाबरोबर त्याचं राजकारण येतंच. चीनने ते नव्याने शोधून काढलेलं नाही.

'कर्जाचा सापळा' हा शब्द तर मला अजिबात मान्य नाही. डेट जस्टिस या ब्रिटिश संस्थेने २०२२ मध्ये हिशेब मांडला. आफ्रिकी सरकारांच्या परकीय कर्जात चिनी सावकारांचा वाटा १२ टक्के, पाश्चात्त्य खासगी सावकारांचा ३५ टक्के. व्याजही त्यांचंच जास्त. झांबियाने नोव्हेंबर २०२० मध्ये हप्ता चुकवला तो युरोबाँडचा, म्हणजे खासगी गुंतवणूकदारांना विकलेल्या डॉलर-रोख्यांचा, ४.२५ कोटी डॉलर्सचा. आणि मोंबासा बंदर तारण ठेवलंय अशी जी आवई उठली होती, ती अभ्यासकांनी कागद तपासून खोडून काढली.

१९७० ते १९७५ या काळात चीन स्वतः गरीब असताना त्याने दार-एस-सलामपासून झांबियातल्या कपिरी म्पोशीपर्यंत १,८६० किलोमीटरची ताझारा रेल्वे बांधून दिली, बिनव्याजी कर्जावर. झांबियाचं तांबं ऱ्होडेशिया (आजचा झिंबाब्वे) आणि दक्षिण आफ्रिकेच्या गोऱ्या सरकारांच्या तावडीतून सुटावं म्हणून. पाश्चात्त्यांनी हात वर केले होते तेव्हा. हे तिथली माणसं विसरलेली नाहीत, आपण का विसरावं?

रानजाई:

काळीमाती, टक्केवारी बरोबर आहे, पण झांबियाची गोष्ट तुम्ही अर्ध्यावर सोडलीत. रोखेधारकांनी झांबियाला मुदतवाढ का नाकारली? चीनचं नेमकं किती देणं आहे आणि कोणत्या अटींवर, हे कळत नाही, आम्ही सोडलेला पैसा तिकडेच जाईल, ही त्यांची मोठी तक्रार होती. ती खोटी नव्हती. पुढच्या वर्षी जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातल्या अभ्यासकांनी आकडा काढला: सुमारे ६.६ अब्ज डॉलर्स. सरकारने सांगितलेल्या आकड्याच्या जवळजवळ दुप्पट! स्वतःच्या देशावर किती कर्ज आहे हे झांबियाच्या नागरिकाला परदेशातल्या विद्यापीठाकडून कळलं. चीनसह सावकार सरकारांशी तडजोड व्हायला २०२३ चा जून उजाडला. तोवर महागाई सोसली ती त्याने.

पडवीतला_दिवा:

मी गुहागर तालुक्यातला. आफ्रिकेत कधी गेलो नाही. पण हा करार वाचून अंगावर काटा आला, कारण आम्ही हे भोगलंय.

डिसेंबर १९९३ मध्ये आपल्या वीज मंडळाने एन्रॉनच्या दाभोळ कंपनीशी करार केला. निविदा नाही. वीज घ्या की न घ्या, स्थिर आकार भरायचा. वर राज्याची हमी, केंद्राची प्रतिहमी. १९९५ मध्ये युती सरकारने करार मोडला आणि काही महिन्यांत पुन्हा केला, आणखी मोठा. आमच्याकडच्या बायकाही विरोध केला म्हणून पोलीस कोठडीत गेल्या. १९९९ मध्ये वीज आली, २००१ मध्ये मंडळाला पैसे देणं अशक्य झालं. माधव गोडबोले समितीने नंतर चुका दाखवल्या, पण तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं.

एन्रॉन अमेरिकी होती, चिनी नव्हती. मोंबासा बंदराची मालाची हमी आणि आमच्या मंडळाची विजेची हमी यात मला काही फरक दिसत नाही.

कोकणकडा:

दिवा, फरक आहे. एन्रॉन खासगी कंपनी होती, ती बुडाली. तिच्याविरुद्ध आपल्याकडे कोर्टात गेले, वर्तमानपत्रांनी अग्रलेख लिहिले, निवडणूक त्यावर लढवली गेली. एक्झिम बँक ही चिनी सरकारचीच. ती बुडत नाही आणि तिच्याविरुद्ध बीजिंगमध्ये कुणी अग्रलेख लिहीत नाही. हिशेब मागायला जागाच नाही.

फेब्रुवारी २०२५ मध्ये झांबियात चाम्बिशीजवळ एका चिनी सरकारी गटाच्या तांब्याच्या खाणीचा बांध फुटला. आम्लाचं पाणी काफुवे नदीच्या खोऱ्यात गेलं, मासे मेले, किट्वे शहराचं पाणी बंद करावं लागलं. त्या शेतकऱ्यांनी दाद कुठे मागायची?

काळीमाती:

त्याच काफुवे नदीच्या प्रदूषणाबद्दल चिंगोलाच्या गावकऱ्यांनी आधी एका कंपनीला लंडनमध्ये कोर्टात खेचलं होतं. ती वेदांता, आपल्याच माणसाची. २०१९ मध्ये ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने खटला तिथे चालू शकतो असा निकाल दिला. चीनकडे बोट दाखवताना मला ती नदी आठवते.

कोकणकडा:

तुम्हीच माझं काम सोपं केलंत. लंडनला जाता आलं! शांघायला जाता येईल का?

काळीमाती:

नाही. हे मान्य करतो.

पडवीतला_दिवा:

पण मग केनियात कुणीच कोर्टात गेलं नाही का?

रानजाई:

गेले होते. ओकिया ओमटाटा म्हणून तिथले एक कार्यकर्ते आहेत, आता सिनेटर आहेत. त्यांनी आणि वकिलांच्या संघटनेने २०१४ मध्येच, रूळ पडायच्या आधी, निविदेशिवाय दिलेल्या या कामाला आव्हान दिलं. खालच्या कोर्टात हरले, अपील केलं. जून २०२० मध्ये अपील न्यायालयाने सांगितलं की काम देताना रेल्वे महामंडळाने कायदा पाळला नाही. मी तेव्हा नैरोबीतच होते, निघायच्या तयारीत. गाडी सुरू होऊन तीन वर्षं झाली होती, पुढचा १२० किलोमीटरचा टप्पा नैवाशापर्यंत जाऊन तिथे अडकला होता, आणि ठेकेदाराला पैसे केव्हाच पोचले होते.